छोट्या गावाचा खाद्य-संगीत महोत्सव : पहिल्यांदाच आयोजनात उतरणाऱ्यांसाठी

गावाच्या वार्षिक महोत्सवाच्या समितीत ज्यांनी नुकतेच पाऊल टाकले आहे, किंवा ज्यांच्या गावात असा महोत्सव पहिल्यांदाच भरवण्याचे घाटत आहे, त्यांच्यासाठी हे मार्गदर्शन आहे. अशा समितीच्या पहिल्याच बैठकीत बहुधा कलाकारांच्या नावांवर चर्चा सुरू होते आणि तिथेच दोन तास निघून जातात. खाद्यविभाग एका गटाकडे, संगीतविभाग दुसऱ्या गटाकडे सोपवून सगळे घरी जातात, आणि मग दोन्ही गट महोत्सवाच्या दिवशीच एकमेकांना भेटतात. खाणे आणि गाणे हे दोन वेगळे कार्यक्रम आहेत असे समजणे, ही माझ्या मते नवख्या समितीची सर्वांत महागात पडणारी समजूत आहे. बहुतेक अडचणी या दोहोंच्या सांध्यावर उद्भवतात, म्हणून पुढच्या पायऱ्या वाचताना प्रत्येक वेळी दुसऱ्या बाजूला काय होईल, हा प्रश्न मनात असू द्यावा.

पहिली पायरी : माणसे किती, हे आधी ठरवावे

कलाकार ठरवण्याआधी क्षमता ठरवावी, कारण कलाकाराचे नाव गर्दी ओढते, पण मैदान त्याच्या नावाने मोठे होत नाही. न्यूपोर्ट या अमेरिकेतील लहान किनारी शहरात १९५४ साली सुरू झालेला जाझ महोत्सव १९६० साली अर्ध्यावर गुंडाळावा लागला, आणि त्याचे कारण मंचावर नव्हते. प्रवेश न मिळालेल्या तरुणांची गर्दी बाहेर रस्त्यांवर साचली आणि तिथे दंगल उसळली. आत किती माणसे मावतील याबरोबरच जी मावणार नाहीत ती कुठे जातील, याचाही विचार आयोजकांनीच करायचा असतो.

क्षमता काढताना मैदानाचे एकूण क्षेत्रफळ उपयोगाचे नाही. त्यातून मंच, मंचामागची जागा, खाद्यगाळे, गाळ्यांमागची साठवण, स्वच्छतागृहे, मोकळे ठेवायचे रस्ते आणि जिथून मंच दिसतच नाही असे कोपरे वजा करावेत. उरलेल्या जागेत उभ्या प्रेक्षकांसाठी चौरस मीटरला दोन माणसे हे प्रमाण आरामशीर असते. चार-पाचच्या पुढे गर्दी गेली की माणसाला स्वतःच्या मर्जीने हालचाल करणे अवघड होऊ लागते, आणि एखाद्या लाटेसरशी सगळी गर्दी ढकलली जाण्याचा धोका तिथून सुरू होतो.

याच्या जोडीला बाहेर पडण्याचे गणित करावे. सपाट जमिनीवर एक मीटर रुंदीच्या वाटेतून मिनिटाला साधारण ८० माणसे बाहेर पडू शकतात. तीन हजार माणसे आठ मिनिटांत बाहेर काढायची असतील, तर सुमारे ४.७ मीटर रुंदीच्या वाटा लागतात. हा हिशेब सर्वांत मोठे फाटक बंद आहे असे धरून करावा, कारण आग किंवा पडझड नेमकी त्या फाटकापाशीच झाली तर उरलेल्या वाटांनी काम भागले पाहिजे. क्षेत्रफळ आणि फाटके यांपैकी जो आकडा लहान येईल, तीच आपली क्षमता.

दुसरी पायरी : तारीख

तारखेचा निर्णय बहुधा सोयीने होतो. तो हेतूने व्हावा. आयर्लंडमधील गॉलवे येथील कालवांचा (खाण्याच्या शिंपल्यांचा) महोत्सव १९५४ साली एका हॉटेलच्या व्यवस्थापकाने सुरू केला, तो पर्यटकांचा हंगाम सप्टेंबरपर्यंत लांबवता यावा म्हणून. महिनाही त्यामुळेच ठरला. आपल्याला गावाबाहेरची माणसे हवी आहेत की गावातल्यांनाच एकत्र आणायचे आहे, यावरून तारीख, वार आणि वेळ तिन्ही बदलतात. जवळपासच्या गावांतील मोठे कार्यक्रम, शाळांच्या परीक्षा, पावसाचा अंदाज आणि सूर्यास्ताची वेळ एकाच कागदावर मांडावी. सूर्यास्त विसरला जातो, पण पश्चिमेकडे तोंड करून बसलेल्या प्रेक्षकांच्या डोळ्यांवर तासभर ऊन आले की पुढच्या रांगा रिकाम्या होतात.

तिसरी पायरी : नकाशा

मैदान स्वतः चालून, टेपने मोजून कागदावर उतरवावे. उपग्रहाच्या चित्रावरून काढलेल्या नकाशात झाडांच्या फांद्या, उतार आणि पाणी साचणारे खड्डे कळत नाहीत. प्रथम रुग्णवाहिका आणि अग्निशमन वाहनाची वाट आखावी, आणि ती आखल्यावर तिच्यावर काहीही येऊ देऊ नये. ‘फक्त एकच गाळा’ अशी विनंती हमखास येते, आणि ती नाकारण्याचे काम एकाच व्यक्तीकडे असावे.

त्यानंतर मंचाची जागा ठरवावी. मंचाचे तोंड वस्तीपासून दूर असावे. खाद्यगाळे मंचासमोरच्या मैदानाच्या कडेला, पण मंचाच्या अगदी जवळ नसावेत, कारण गाळ्याची रांग आणि ऐकणाऱ्यांची गर्दी एकमेकींत मिसळली की दोन्ही हलेनाशा होतात. प्रत्येक गाळ्यासमोर रांगेसाठी निदान आठ-दहा मीटर जागा ठेवावी आणि रांग वाटेला आडवी न जाता समांतर जाईल अशी आखावी. खाणाऱ्याला मंच दिसला नाही तरी चालेल, पण आवाज पोहोचावा. तो पोहोचला नाही तर खाण्याच्या बाजूला आलेला माणूस परत फिरत नाही. वाऱ्याची नेहमीची दिशाही पाहावी. धूर मंचाकडे गेला, तर गायकाचा घसा पहिल्या दहा मिनिटांतच तक्रार करतो.

स्वच्छतागृहांमध्ये स्त्रियांसाठी जास्त जागा लागते. दर शंभर स्त्रियांमागे निदान एक, हे प्रमाण धरून चालावे. ती खाद्यगाळ्यांच्या वाऱ्याच्या वरच्या बाजूला नसावीत, आणि हात धुण्याची सोय त्यांच्यापाशी तशीच गाळ्यांपाशीही वेगळी असावी.

चौथी पायरी : परवानग्या

यादी गावोगाव वेगळी असते, पण विषय सगळीकडे तेच असतात : जागेचा वापर, गर्दीचा बंदोबस्त, ध्वनिमर्यादा, तात्पुरते बांधकाम, अग्निसुरक्षा, अन्नविक्री, आणि सार्वजनिक ठिकाणी संगीत सादर करण्यासाठी हक्कधारकांच्या संस्थेचा परवाना. शेवटचा परवाना कलाकार स्वतः आणतील असे गृहीत धरले जाते. तसे होत नाही. प्रत्येक कार्यालयात नकाशाची तीच प्रत द्यावी, म्हणजे एकाने मागितलेला बदल दुसऱ्याच्या प्रतीत राहून जाणार नाही. परवानग्यांच्या जोडीला शेजाऱ्यांना पत्र द्यावे. त्यात कार्यक्रम संपण्याची वेळ आणि त्या दिवशी प्रत्यक्ष उचलला जाईल असा एक दूरध्वनी क्रमांक असावा.

पाचवी पायरी : ध्वनी

उघड्या मैदानात अंतर दुप्पट झाले की आवाज साधारण ६ डेसिबलने उतरतो. ध्वनिक्षेपकापासून ४ मीटरवर १०० डेसिबल असेल तर ८ मीटरवर ९४, १६ मीटरवर ८८ आणि ३२ मीटरवर ८२ उरतो. मागच्यांना ऐकू येत नाही म्हणून मंचावरचा आवाज वाढवला, तर पुढच्यांच्या कानांना इजा होते आणि मागे तरीही फारसा फरक पडत नाही. उपाय असा, की मैदानाच्या मध्यावर ध्वनिक्षेपकांची दुसरी जोडी लावावी आणि तिचा आवाज मुद्दाम उशिरा सोडावा. हवेत ध्वनी सेकंदाला सुमारे ३४३ मीटर जातो, म्हणजे ५० मीटरवरच्या जोडीला जवळजवळ ०.१५ सेकंदांचा विलंब लागतो. तो दिला नाही तर मागच्यांना प्रत्येक शब्द दोनदा ऐकू येतो. ध्वनिव्यवस्था भाड्याने देणाऱ्याला हा विलंब कोण आणि कधी लावणार, हे आधीच विचारावे. उत्तर अडखळत आले, तर दुसरा माणूस शोधावा.

जागतिक आरोग्य संघटनेने २०२२ साली संगीताच्या जागांसाठी जे मानक प्रसिद्ध केले, त्यात पंधरा मिनिटांची सरासरी १०० डेसिबलच्या वर जाऊ नये असे म्हटले आहे. स्थानिक मर्यादा याहून कडक असेल तर अर्थातच तीच पाळावी. मोजमाप ध्वनिमिश्रणाच्या टेबलापाशी आणि सर्वांत जवळच्या घराच्या दाराशी, अशा दोन ठिकाणी घ्यावे. रात्री जमिनीलगतची हवा गार आणि वरची उबदार असते, त्यामुळे वर जाणारा ध्वनी खाली वळतो आणि दुपारी ज्या घरांपर्यंत पोहोचत नव्हता तिथे रात्री स्पष्ट ऐकू येतो. दुपारच्या चाचणीत सगळे ठीक होते, हे कारण म्हणूनच रात्रीच्या तक्रारीला पुरत नाही.

प्रत्येक कलाकाराकडून वाद्यांची, मायक्रोफोनची आणि मंचावर कोण कुठे बसणार याची यादी दोन आठवडे आधी मागवावी. दोन कार्यक्रमांमधील बदलास वीस ते तीस मिनिटे धरावीत. पूर्ण वाद्यवृंदानंतर एकटा गायक ठेवला तर हा वेळ निम्म्यावर येतो, कारण तेव्हा फक्त वाद्ये उतरवायची असतात. मंच मोठा असेल तर एका बाजूला गाणे चालू असताना पडद्याआड दुसऱ्या बाजूची मांडणी करता येते.

सहावी पायरी : खाद्यविक्रेते

विक्रेते निवडताना पदार्थाच्या चवीइतकेच महत्त्व वाढण्याच्या वेगाला द्यावे. ज्याचे दहा-बारा पदार्थ आहेत त्याला तीन-चारच आणायला सांगावे; पदार्थ कमी असले की तयारी पुढे करून ठेवता येते आणि गिऱ्हाईक फलकासमोर विचार करत उभे राहत नाही. फलक रांगेच्या शेवटच्या माणसाला वाचता येईल इतका मोठा आणि उंच असावा. सगळ्या गाळ्यांवर एकाच प्रकारचे खाणे होऊ नये, तसेच लहान मुलांना आणि पथ्य असणाऱ्यांना खाता येईल असे काही ना काही असावे. शेंगदाणे, दूध, गहू यांसारख्या अनेकांना न सोसणाऱ्या घटकांची माहिती प्रत्येक गाळ्यावर लिहिलेली असावी.

अन्नसुरक्षेत तापमान हा मुख्य मुद्दा आहे. ५ ते ६० अंश सेल्सिअस या पट्ट्यात जंतू वेगाने वाढतात, म्हणून गरम पदार्थ ६० अंशांच्या वर आणि थंड पदार्थ ५ अंशांच्या खाली राहावेत. शिजवताना पदार्थाचा गाभा ७० अंशांपर्यंत पोहोचावा आणि शिजलेले अन्न बाहेरच्या तापमानात दोन तासांहून अधिक ठेवू नये. कच्च्या आणि शिजलेल्या अन्नासाठी सुऱ्या, फळ्या आणि भांडी वेगळी असावीत. समितीतील एकाने खुपसून मोजण्याचा तापमापक खिशात ठेवून दर तासाला गाळ्यांवर फेरी मारावी. वाफ दिसते म्हणजे अन्न गरम आहे असे नव्हे. पातेल्याच्या मधोमध तापमापक घातला की पृष्ठभागापेक्षा पंधरा-वीस अंश कमी आकडा दिसणे मुळीच दुर्मीळ नाही.

गॅसचे सिलिंडर उभे, बांधलेले आणि गाळ्याच्या बाहेर असावेत. हा वायू हवेपेक्षा जड असल्याने गळती झाली की तो खड्ड्यात, गटारात, पायाशी साचतो. तळणीच्या तेलाला आग लागली तर पाणी टाकायचे नाही, हे गाळ्यावरच्या सर्वांत नव्या मदतनिसालाही ठाऊक असावे. आच बंद करून झाकण किंवा अग्निरोधक चादर टाकावी. निखारे किंवा जनरेटर बंदिस्त तंबूत चालवू नये, कारण त्यांतून निघणाऱ्या कार्बन मोनॉक्साइडला वास नसतो.

सातवी पायरी : एकच वेळापत्रक

आता सांध्याकडे येऊ. एका खिडकीवर एका गिऱ्हाइकाला ४५ सेकंद लागतात असे धरले, तर तासाला ८० आणि अर्ध्या तासात ४० जणांना वाढून होते. बारा खिडक्या असतील तर पाच तासांत ४,८०० जणांना वाढून होते, म्हणजे तीन हजार माणसांना त्या पुरेशा वाटतात. पण मंचावर अर्ध्या तासाची एकच मोठी सुटी दिली आणि त्या वेळी एक हजार माणसे एकदम उठली, तर बारा खिडक्यांवर ४८० जणांनाच खायला मिळते. उरलेले ५२० जण पुढचे गाणे सुरू झाले तरी रांगेतच असतात, चिडलेले असतात, आणि मुख्य कलाकार रिकाम्या खुर्च्यांसमोर सुरुवात करतो. खिडक्या पंचवीसपर्यंत वाढवणे हा याचा उपाय नव्हे. तेवढे विक्रेते उरलेल्या वेळात माश्या मारत बसतील आणि पुढच्या वर्षी येणार नाहीत.

त्यापेक्षा सुटी विभागून द्यावी. एकच मोठे मध्यंतर न ठेवता मंचावरचे बदल हीच छोटी मध्यंतरे मानावीत, आणि जेवणाच्या ऐन वेळी सर्वांत लोकप्रिय कलाकार ठेवू नये. त्या तासाला असे संगीत असावे, जे चालता-फिरता, खाता-खाता ऐकले तरी त्याचा अपमान होत नाही. वाद्यसंगीत, स्थानिक वृंदगान किंवा शाळेचा वाद्यवृंद यांसाठी ती उत्तम वेळ आहे. याउलट ज्या गायनाला शांतता लागते ते संध्याकाळी उशिरा, बहुतेकांचे पोट भरल्यावर ठेवावे. दोन मंच परवडत असतील तर एकाचा शेवट आणि दुसऱ्याचा आरंभ एकाच क्षणी न आणता दहा मिनिटे एकमेकांवर चढू द्यावेत, म्हणजे गर्दी एकदम न हलता पाझरत सरकते.

निवेदकाला गाळ्यांची स्थिती कळण्याची सोय हवी. डाव्या बाजूला गर्दी नाही, एवढे वाक्य मंचावरून आले की रांगा आपोआप सारख्या होतात. तसेच शेवटचे गाणे संपण्याच्या वेळी काही गाळे चालूच ठेवावेत. सगळे एकदम बंद झाले तर सगळी गर्दी एकाच मिनिटाला फाटकाकडे वळते.

वेळापत्रक छापताना त्यात विक्रेत्यांच्या बाजूचाही रकाना असावा : माल कधी उतरवायचा, वाहने कधी बाहेर काढायची, आच कधी पेटवायची, दुसरा माल कधी येणार. हे वेळापत्रक ध्वनितंत्रज्ञाच्या हाती आणि प्रत्येक गाळ्याच्या खांबावर एकच असावे.

आठवी पायरी : वीज आणि पैसे

प्रत्येक विक्रेत्याकडून आणि ध्वनिव्यवस्थेकडून उपकरणांची यादी वॅटसह घ्यावी. जनरेटरवर लिहिलेला केव्हीएचा (किलोव्होल्ट-अँपिअरचा) आकडा म्हणजे किलोवॅट नव्हे. ६० केव्हीएच्या जनरेटरपासून साधारण ४८ किलोवॅट मिळतात आणि त्यातीलही तीन चतुर्थांशच, म्हणजे ३६ च्या आसपास वापरावेत. ध्वनी आणि खाद्यगाळे यांना शक्यतो वेगवेगळे जनरेटर द्यावेत. शीतकपाटाचा कॉम्प्रेसर सुरू होताना विजेचा दाब क्षणभर उतरतो, आणि तो उतार ध्वनिमिश्रणाच्या टेबलाला नको त्या वेळी बंद पाडू शकतो. गळती होताच प्रवाह तोडणारे ३० मिलिअँपिअरचे उपकरण प्रत्येक वितरणपेटीत असावे आणि पायवाटेवरून जाणारी केबल झाकलेली असावी.

अंदाजपत्रक अपेक्षेच्या निम्मी माणसे येतील असे धरून करावे. विक्रेत्यांकडून थोडे ठरावीक भाडे आणि विक्रीचा लहान हिस्सा घेणे हे पूर्ण भाडे आगाऊ घेण्यापेक्षा न्याय्य वाटते, कारण मग पाऊस आला तर नुकसान दोघांचे होते आणि समितीलाही गाळ्यांकडे गर्दी वळवण्यात स्वारस्य राहते. गर्दी जमली की मोबाइलचे जाळे मंदावते आणि फोनवरून पैसे देणे अडते. त्यासाठी सुटे पैसे, छापील कूपने किंवा तारेने जोडलेले इंटरनेट यांपैकी काहीतरी तयार ठेवावे.

नववी पायरी : स्वयंसेवक आणि हवामान

स्वयंसेवकांच्या पाळ्या चार तासांहून मोठ्या नसाव्यात आणि त्यांचे जेवण आधीच ठरलेले असावे. कॅलिफोर्नियातील गिलरॉय या गावात १९७९ साली लसणाचा महोत्सव सुरू झाला. तिथे स्वयंसेवकांच्या कामाच्या तासांचा मोबदला त्यांनी निवडलेल्या स्थानिक संस्थांना देण्याची पद्धत होती. शाळा, क्रीडामंडळे, वाचनालये यांना गट म्हणून बोलावण्यासाठी ही कल्पना सुटसुटीत आहे, कारण गटाने दिलेला शब्द एकट्याच्या शब्दापेक्षा जास्त पाळला जातो.

कार्यक्रम थांबवण्याचा अधिकार एकाच व्यक्तीकडे, लेखी असावा, आणि ती व्यक्ती कलाकारांची व्यवस्था पाहणारी नसावी. वीज चमकल्यापासून गडगडाट तीस सेकंदांच्या आत ऐकू आला तर वादळ दहा किलोमीटरच्या आत आहे असे समजून मंच बंद करावा, लोकांना भक्कम इमारतींत किंवा वाहनांत पाठवावे आणि शेवटच्या गडगडाटानंतर तीस मिनिटे वाट पाहावी. तंबू हा विजेपासून आसरा नव्हे. वारा मोजण्याचे साधन मंचाच्या छताच्या उंचीवर लावावे, आणि कोणत्या वेगाला काय खाली उतरवायचे हे मंच उभारणाऱ्याकडून लेखी घ्यावे. खुंट्या ठोकता येत नसतील तिथे पाण्याच्या टाक्यांचे वजन वापरता येते. हजार लिटरची भरलेली टाकी म्हणजे एक टन. थांबवण्याची उद्घोषणा आधीच लिहून निवेदकाच्या खिशात ठेवावी, कारण ऐन वेळी सुचलेल्या वाक्यांत ‘घाबरू नका’ हे शब्द हटकून येतात आणि त्यांनीच लोक घाबरतात.

दहावी पायरी : दुसरा दिवस

कचऱ्याचा ओला आणि सुका डबा नेहमी जोडीने ठेवावा; एकटा दिसलेला डबा कुठल्याही कचऱ्याने भरतो. पेले अनामत रकमेवर देऊन परत घेतले तर सकाळी मैदानात वेचायला फारसे उरत नाही. इंग्लंडमधील ग्लॅस्टनबरीचा महोत्सव १९७० सालापासून एका शेतावर भरतो आणि काही वर्षांच्या अंतराने एखादे वर्ष मुद्दाम वगळून जमिनीला विश्रांती दिली जाते. लहान गावाला वर्ष वगळणे जमले नाही, तरी मंचाची आणि गाळ्यांची जागा आलटून-पालटून तुडवलेल्या गवताला सावरायला वेळ देता येतो.

विक्रेत्यांचे आणि तंत्रज्ञांचे हिशेब आठवड्याच्या आत चुकते करावेत. त्याच आठवड्यात खाद्य आणि संगीत या दोन्ही गटांची बैठक एकत्र घेऊन तासागणिक नोंदी जुळवाव्यात : फाटकावर किती आले, कोणत्या गाळ्याचा माल किती वाजता संपला, त्या वेळी मंचावर कोण होते, ध्वनिमापकावर किती आकडा होता आणि शेजारच्या घरातून दूरध्वनी कधी आला. या नोंदी बदललेल्या नकाशासह पुढच्या वर्षीच्या समितीच्या नावाने एका फायलीत ठेवाव्यात आणि फाइल कोणाकडे आहे, हे इतिवृत्तात लिहावे.